एकोणपन्नास दिवसांचा राग

माणूस मेला की एकोणपन्नास दिवस त्याच्यावर रागवायचं नाही. नियम सगळ्या तिबेटचा, पण ग्यांत्सेची माणसं तो आपणच शोधून काढल्याच्या थाटात पाळतात. मेलेला तेवढे दिवस मधल्या वाटेवर असतो. त्याला अंग नसतं, कान मात्र असतात, आणि घरच्यांच्या मनात आलेलंही त्याला ऐकू जातं. तुम्ही रडलात तर त्याच्या वाटेत गारा पडतात, शिव्या घातल्यात तर पाय घसरतो, आणि नाव घेतलंत तर तो मागे वळून बघतो. घसरला की गेला कुत्र्याच्या जन्माला, नाहीतर भुकेल्या भुतांत. म्हणून कुणी नाव घेत नाही, आणि ज्या घरात माणूस गेला त्या घराचंही घेत नाही. आपल्याला गोष्ट सांगायची आहे, तेव्हा घ्यावंच लागेल. त्याचं नाव वांग्याल. धंदा लोकरीचा.

वांग्याल आणि लोडो सख्खे भाऊ, आणि यूडॉन दोघांची बायको. घर यूडॉनचं. तिच्या बापाला मुलगा नव्हता, म्हणून त्याने दोघा भावांना एकदमच घरजावई करून आणलं. बायको एक, चूल एक, म्हणजे शेताचे तुकडे होत नाहीत. थोरला खेचरं घेऊन दक्षिणेला फारीपर्यंत लोकर न्यायचा आणि वर्षातले निम्मे महिने तिकडेच असायचा. धाकटा शेत आणि जनावरं सांभाळायचा. दोघेही मला सारखेच, असं अशा बाईने म्हणायचं असतं, आणि यूडॉनही म्हणायची. पण नदीपलीकडे वांग्यालच्या खेचरांच्या घंटा वाजल्या की चहा घुसळता घुसळता तिचा हात थांबायचा, हे सगळ्या आळीला ठाऊक होतं. लोडोलाही होतं. पोरबाळ झालं नव्हतं. वांग्याल म्हणायचा, नसेल नशिबात, आपण तिघं आहोत ना. ते ऐकून तिला वाटायचं, असा नवरा मिळायला गेल्या जन्मी बरंच काही केलेलं असणार.

कधीमधी जायचा तसा त्या साली थंडी सरताना लोडोही भावाबरोबर गेला होता. परत आला तो एकटा, वांग्यालचं खेचर आणि कोल्ह्याच्या कातड्याची टोपी घेऊन. तुनाच्या माळावर ताप चढला, म्हणाला. आसरा नव्हता, वारा असा की तंबू उभा राहीना. मी सोडून जवळ कुणी नव्हतं. काही बोलला नाही. तिथेच गिधाडांना दिला.

यूडॉन रडली नाही, कारण रडायचं नव्हतं. पण तो वारा तिच्या डोक्यातून जाईना. माणूस मरतो, त्याला इलाज नाही. पण माळावर, वाऱ्यात, डोक्याखाली खोगीर घेऊन? जेवताना घास तोंडाशी नेला की तिला तो माळ दिसायचा.

ज्योतिषी लामाने मृत्यूची घटका आणि जन्माचं वर्ष मांडून सांगितलं, पुढचा जन्म चांगला मिळायला निळ्या बुद्धाचा थांका करून घ्या. थांका म्हणजे कापडावरचं देवाचं चित्र. ते एकोणपन्नास दिवसांच्या आत पुरं व्हायला लागतं, तरच मेलेल्याच्या कामी येतं. लोडो मठांतून दिवे लावायला शिगात्सेला गेला आणि यूडॉन गेन दोंडुपकडे, म्हणजे दोंडुपगुरुजींकडे, गेली. ग्यांत्सेत त्याच्या तोडीचा चित्रकार नव्हता, आणि हे तो स्वतःच सगळ्यांना सांगायचा.

काम चालू असेपर्यंत चित्रकाराला ज्याचं चित्र त्याने जेवू घालायचं असतं. यूडॉन रोज सातू, लोणी, सुकं मांस आणि चहा घेऊन त्याच्या अंगणात जायची. चौकटीवर ताणलेलं कापड, त्यावर खडूचा लेप, लेपावर कोळशाच्या रेघा, असं ते वाढताना बघत बसायची. सोन्यासाठी तिने आपल्या ताइताची डबी मोडून दिली.

"डोळे मी शेवटी काढतो," गेन दोंडुप म्हणाला. "त्या दिवशी समोर येऊन बस. काढणार मी, पण ते उघडतात तुझ्या मनाने. मनात काही वाकडं असेल तर देव तिरळा होतो, आणि लोक नावं मला ठेवतात."

अंगणात दुसरीही चौकट होती, लहानशी, तिच्यावरही निळा बुद्धच. त्यात नवल काही नव्हतं. त्या साली ज्योतिष्याकडे जावं तर निम्म्या मुलखाला निळा बुद्धच निघत होता. त्या चौकटीची मालकीण ल्हाकी नावाची तरणी विधवा होती, पाच-सहा वर्षांच्या पोरीला घेऊन दक्षिणेकडून आलेली आणि खेचरवाल्यांच्या धर्मशाळेत उतरलेली. तीही दोंडुपला जेवण आणायची. दोन बायका एकाच अंगणात रोज एकाच म्हाताऱ्याला वाढायला लागल्या की गप्प किती दिवस बसणार?

नाव कुणी कुणाच्या माणसाचं विचारलं नाही. विचारायचंच नसतं. 'आमचे' आणि 'तुमचे' एवढ्यावर दोघींचं भागत होतं. आमचे गाणं फार छान म्हणायचे, ल्हाकी म्हणाली. आमचेही, यूडॉन म्हणाली. मग दोघी हसल्या, आणि मेलेल्यांना हसणं चालतं का, यावर दोंडुपचा सल्ला घेतला. चालतं, तो म्हणाला, त्यांना तिकडे करमणूक कुठली.

ल्हाकीचा माणूस घरात गेला होता, अंथरुणावर. "डोकं माझ्या मांडीवर होतं, आचा," ती म्हणाली. थोरल्या बहिणीला म्हणावं तसं ती यूडॉनला आचा म्हणायची. "पाणी मागितलं. पोरीचा हात हातात घेतला. मग गेले."

"नशीबवान आहेस," यूडॉन म्हणाली. हे तिने मनापासून म्हटलं, आणि हेवाही वाटला.

ल्हाकीच्या माणसाचं मूळ घर म्हणे इकडेच कुठेतरी होतं, धाकटा भाऊ आणि त्याची बायको राहायचे. मग तिथे का नाही उतरलीस, असं यूडॉनने विचारलं, तर ल्हाकीने तोंड वाकडं केलं. भावोजी चांगले आहेत, पण त्यांची बायको फार तोंडाळ आहे, बाहेरच्या माणसाला उंबरा ओलांडू देत नाही, असं भावोजींनीच सांगून ठेवलंय. थांका मी करून घेतो, तू येऊच नकोस, म्हणाले होते. मला राहवलं नाही, म्हणून न सांगता आले.

"असतात अशा," यूडॉन म्हणाली. "मला भेटू दे एकदा, चांगली सुनावते तिला."

ल्हाकीकडे सोनं नव्हतं. तिचा बुद्ध नुसत्या पिवळ्या रंगावर भागणार होता. यूडॉनने आपल्या डबीच्या सोन्यातलं निम्मं तिच्या चित्राला द्यायला सांगितलं. दोंडुपने भुवया वर केल्या, पण सोनं वाटून घोटलं.

मग एका दुपारी लोडो शिगात्सेहून आला आणि घरी यूडॉन नाही म्हणून तिला न्यायला थेट दोंडुपच्या अंगणात आला.

पोरीचं नाव छोझोम. ती रंगासाठी लागणाऱ्या निळ्या दगडाचे खडे निवडत बसली होती. तिने मान वर केली, खडे टाकले आणि धावत जाऊन लोडोच्या पायाला मिठी मारली.

"आकू आला. आई, आकू लोडो आला."

आकू म्हणजे बापाचा भाऊ. दुसऱ्या कुणाला लेकरं आकू म्हणत नाहीत.

लोडोचा चेहरा राखेसारखा झाला. ल्हाकी हात पुसत उठली. "रागावू नका, भावोजी," ती म्हणाली. "तुम्ही नको म्हणालात तरी आले. पण घराकडे फिरकले नाही हं, तुमच्या बायकोला त्रास नको म्हणून." बोलता बोलता तिच्या लक्षात आलं की लोडो तिच्याकडे बघतच नाहीये. तो बघतोय यूडॉनकडे. "या तुमच्या ओळखीच्या?"

गेन दोंडुप गावातलाच, त्याला एका दमात सगळं कळलं. त्याने कुंचल्याचं टोक ओठांत धरलं.

"ही यूडॉन," लोडो म्हणाला. "माझी बायको."

ल्हाकीने लाजेने जीभ बाहेर काढली, कान धरले. "आचा, तुम्ही? आणि मी काय काय बोलले." मग तिच्या मनात काहीतरी अडलं. तिने दोन्ही चौकटींकडे बघितलं. "पण मग हा थांका कुणाचा? तुम्ही तर 'आमचे' म्हणायचात."

आता यूडॉनची पाळी होती. तुनाचा माळ खोटा होता. वारा खोटा होता. वर्षातले ते निम्मे महिने कुठे जायचे ते आता कळलं. वाटेवर कुणी कुठे ऊब शोधली तर तिकडे बायका काणाडोळा करतात, त्याचं एवढं काही नाही. पण यूडॉनच्या घरचं खाऊन त्याने दुसरी चूल मांडली होती, तिच्यापाशी पोर वाढवली होती आणि इकडे येऊन 'नसेल नशिबात' म्हणत होता. एक शब्द बोलली असती तर ल्हाकीलाही हे सगळं समजलं असतं. आणि मग दोन बायकांचे दोन शाप एकदम त्याच्यामागे लागले असते. तो तिथेच होता, त्या अंगणात, कान देऊन. अजून अंग नसलेला, कुठेही ढकलला जाऊ शकेल असा.

"घरातला माणूस म्हणजे आमचाच," यूडॉन म्हणाली. "लोडोची बायको मी. थोरल्या दिरांसाठी करतेय."

इतकी वर्षं ती ज्याची बायको होती, त्याला वाचवायला तिने स्वतःच्या तोंडाने सांगितलं की मी त्याची कुणी नव्हते.

घरी जाताना लोडो काहीतरी बोलू बघत होता. "अजून दिवस आहेत," ती म्हणाली. "तोवर तोंड उघडू नकोस. ऐकणारा ऐकतोय."

राहिलेले दिवस तिने कसे काढले ते तिचं तिला माहीत. राग आला की ती लोकर पिंजायची, आणि त्या दिवसांत घरात एवढी लोकर पिंजून झाली की ठेवायला जागा राहिली नाही. मनात शिवी आली की घाईघाईने मंत्र म्हणायची, म्हणजे शिवी मागे पडेल. सगळ्यांत वाईट हे, की अंगणात जाणं चुकत नव्हतं, आणि ल्हाकी आता तिला जाऊबाई म्हणायला लागली होती. घरातलंच माणूस मिळालं म्हटल्यावर ल्हाकीला किती सांगू नि किती नको झालं. फारीच्या घराच्या खिडक्या त्यांनी स्वतः रंगवल्या. पोरीला खांद्यावर घेऊन बाजारात हिंडायचे. तुमच्याबद्दल कधी वाईट बोलले नाहीत, जाऊबाई. तोंडाळ म्हणाले ते भावोजी. हे म्हणायचे, ती फार कष्टाळू आहे.

कष्टाळू. एवढ्या वर्षांत हा एक शब्द, आणि तो खेचरालाही लावता येतो. यूडॉनने तो ऐकला, चहा ओतला आणि मंत्र म्हटला.

चित्राच्या तळाशी, कमळाखाली, मेलेल्या माणसाचं लहानसं चित्र काढतात आणि त्याच्या शेजारी हात जोडून त्याची माणसं. ल्हाकीच्या थांक्यात ती तिघंही आली होती, बाप्या, बाई आणि पोर. दोंडुपने यूडॉनला विचारलं, तुझ्यात कुणाकुणाला काढू.

"त्याला एकट्याला काढा."

"शेजारी रिकामं दिसेल."

"दिसू दे, गेन."

शेवटच्या दिवशी सकाळी दोंडुप तोंड धुऊन, धूप लावून डोळे काढायला बसला. ल्हाकीच्या बुद्धाचे डोळे आधी झाले, पटकन, आणि सुंदर झाले. मग यूडॉन समोर येऊन बसली. दोंडुपने कुंचला भिजवला, कापडाशी नेला, तिच्याकडे एकदा बघितलं आणि मागे घेतला.

"थांबू का जरा?"

तिने होकाराची मान हलवली. मनात वाकडं होतं आणि ते दोघांनाही माहीत होतं. देव तिरळा झाला तर मेलेला वाट चुकणार. ती आपल्या मनात कुठे काही सरळ सापडतंय का, ते शोधत बसली. त्याचं गाणं आठवलं, पण ते आता फारीच्या पोरीचं होतं. त्याचं 'आपण तिघं आहोत' आठवलं, आणि ते नको होतं. बराच वेळ तिला काहीच सापडेना. मग सापडलं, आणि ते एवढंसंच होतं. तो वाऱ्यात मेला नव्हता. डोक्याखाली खोगीर नव्हतं, कुणाची तरी मांडी होती, आणि मागितल्यावर पाणी मिळालं होतं. त्याचं तिला बरं वाटलं. खरंच बरं वाटलं, कुठे लबाडी नव्हती त्यात. तेवढं बरं वाटणं तिने धरून ठेवलं.

"काढा," ती म्हणाली.

डोळे सरळ उघडले. संध्याकाळी लामाने मेलेल्याच्या नावाचा कागद दिव्यावर धरून जाळला, आणि वांग्याल कुठे जायचा तिथे गेला.

दुसऱ्या दिवशी उजाडल्यावर ल्हाकी निरोप घ्यायला आली, पहिल्यांदाच त्या घरात. गुंडाळलेला थांका छातीशी धरला होता. यूडॉनने तिला चहा दिला, छोझोमच्या कमरेला सुकं चीज बांधलं. खरं सांगायला आता आडकाठी नव्हती. जिभेवर आलंही होतं. पण समोर बसलेल्या बाईला तिने नीट बघितलं, आणि तिला दिसलं की ही बाई सुखाने दुःख करतेय. ते मोडून आपल्या हाती काय येणार? ल्हाकी भार बांधायला अंगणात गेली. मग यूडॉनने लोडोला आत बोलावलं.

"आता बोल."

"त्याने मला शपथ घातली होती," लोडो म्हणाला.

"शपथ काल त्याच्या नावाबरोबर जळली. तिच्यापुढे माझी बायको म्हणालास, ते कशापायी?"

"ते काही त्या दिवशी पहिल्यांदा नाही म्हणालो." तो खाली बघत होता. "त्यानेच तिला सांगितलं होतं की घरी भावाची बायको आहे. पहिल्यांदा फारीला गेलो तेव्हा तिने मला विचारलं. मी हो म्हणालो. मला बरं वाटलं."

"बरं वाटलं?"

"तिथे तरी तू माझ्या एकट्याची होतीस. इथे मी निम्मा, तोही तो नसेल तर. तो तिकडे जेवढा राहील तेवढा मला हवाच होता, यूडॉन. आता खोटं कशाला बोलू?"

दर शरद ऋतूत ती याच चुलीपाशी लोडोला विचारायची, कधी येईल रे तो. आणि लोडो तिच्या हातचा चहा पीत सांगायचा, खिंडीत बर्फ पडलं असेल, येईल. एकाने तिला पाठीमागे फसवलं होतं. दुसऱ्याने समोर बसून, रोज, प्रेमाने. दोघा भावांनी तिची वाटणी केली होती आणि तिला विचारायचं तेवढं राहून गेलं होतं. मेलेल्याचा राग तिने कसाबसा गिळला होता. या जिवंत माणसाचा गिळायचा नियम कुठल्याच लामाने सांगितलेला नव्हता.

"भावाची बायको ती तुझी बायको," ती म्हणाली. "रीत आहे ना?"

"आहे."

"मग ती बाहेर एकटी भार बांधतेय. जा, हात लाव."

लोडोला कळायला वेळ लागला. "मी तुझ्यासाठी राहिलो इथे. ही शेतं, हे घर..."

"घर माझ्या बापाचं. ते फुटू नये म्हणून तुम्हा दोघांना आणलं होतं, आणि तुम्ही दोघांनी मिळून ते कधीच फोडलंत. तुझी चूल तिकडे आहे. पोर तुला आकू म्हणते, तिला बाप हवाय. जा."

"आणि तू काय सांगशील लोकांना?"

"चारचौघांत कबूल केलंय की मी लोडोची बायको. सांगेन, नवरा दुसरीबरोबर गेला." यूडॉनने चुलीत शेणी सारल्या. "त्यात एक अक्षर खोटं नसेल."

लोडो तरी उभाच होता. तिने त्याचा वाडगा फळीवरून काढला, पुसला आणि त्याच्या हातात दिला, कारण दूर जाणाऱ्या माणसाने आपला वाडगा बरोबर न्यायचा असतो. बाहेरून छोझोम आकूला हाका मारत होती.